डोळा लागतानाची पाच मिनिटं: मुंबईतल्या रात्रभराच्या झोपतपासणीचं परीक्षण

घोरण्यासाठी किंवा झोपेत श्वास अडकतो म्हणून तपासणी करायची असेल, तर मुंबईत आज फारशी अडचण नाही. यंत्र घरी येतं, रिपोर्ट मिळतो, आणि त्या कामापुरता तो भरवशाचा असतो. अडचण दुसऱ्या तक्रारींची आहे. डोळा लागता लागता डोक्यात धाडकन आवाज होतो. पायरी चुकल्यासारखं वाटतं आणि अख्खं अंग दचकतं. पहाटे जाग येते, छत दिसतं, फिरणारा पंखा दिसतो, पण बोटसुद्धा हलत नाही आणि दाराशी कोणीतरी उभं असतं. ही तक्रार घेऊन आलेला माणूस त्याच काउंटरवर जातो, त्याच तपासणीचे पैसे भरतो, आणि हातात पडतो तो श्वासाचा रिपोर्ट: 'सौम्य घोरणे'. दाराशी उभ्या असलेल्याबद्दल त्यात एक अक्षर नसतं.

हे परीक्षण या दुसऱ्या तक्रारींसाठी आहे. संस्थांची नावं देत नाही, कारण एकाच जागी सोमवारी आणि गुरुवारी वेगळं काम होतं: यंत्र तेच, खोली तीच, रात्रपाळीचा तंत्रज्ञ वेगळा. आमचं मत आधीच सांगतो. जाग आणि झोप यांच्या सीमेवरच्या तक्रारींसाठी यंत्राची कंपनी आणि खोलीची सजावट गौण आहे. दिवा बंद झाल्यावरचा पहिला अर्धा तास आणि पहाटेचे शेवटचे दोन तास पडद्यासमोर कोण बसलंय आणि ते काय विचारतंय, यावर सगळं ठरतं.

झोप एका क्षणात लागत नाही, हे मराठीला चांगलं ठाऊक आहे. डोळे जड होणं, झापड येणं, तंद्री लागणं, डुलकी, डोळा लागणं, असे टप्पे आपण रोज बोलतो. शास्त्राने या पट्ट्याला नाव देण्याची सुरुवात १८४८ मध्ये केली, जेव्हा आल्फ्रेड मोरी या फ्रेंच अभ्यासकाने झोपेत शिरताना दिसणाऱ्या दृश्यांना 'हिप्नॅगॉजिक' म्हटलं. डोक्यातल्या स्फोटाचं वर्णन अमेरिकी डॉक्टर सायलस वीअर मिचेल यांनी १८७६ मध्ये केलं होतं. 'एक्स्प्लोडिंग हेड सिंड्रोम' हे आजचं नाव मात्र १९८८ मध्ये ब्रिटिश न्यूरॉलॉजिस्ट पिअर्स यांच्या लेखातून रूढ झालं. अंग न हलण्याला स्लीप पॅरालिसिस म्हणतात. स्वप्नांच्या, म्हणजे आरईएम झोपेत मेंदू हातापायांचे स्नायू सैल सोडून ठेवतो, म्हणून आपण स्वप्नात धावलो तरी पलंगावरून पडत नाही. कधी जाणीव जागी होते आणि हे सैल सोडणं काही सेकंद किंवा काही मिनिटं तसंच राहतं. स्वप्नाचा तुकडा उघड्या डोळ्यांसमोर पसरतो. श्वासाचा मुख्य पडदा चालू असतो, पण छातीचे मदतीचे स्नायू सैल असल्याने छातीवर कोणी बसल्यासारखं वाटतं. गावाकडे याला मुंजा म्हणतील, कोणी बाहेरची बाधा म्हणेल. वर्णन मात्र सगळ्यांचं आश्चर्य वाटावं इतकं सारखं असतं.

आता सेवा. घरी येणाऱ्या किटमध्ये सहसा नाकाखाली नळी, छातीला पट्टा आणि बोटाला ऑक्सिजनचा चिमटा असतो. मेंदूच्या लहरी मोजायला एकही वायर नसते. म्हणजे पेशंट झोपला होता की नुसता पडला होता, हेच त्या यंत्राला ठाऊक नसतं. सीमाच दिसत नसेल तर सीमेवर काय झालं ते कसं दिसणार? मनगटावरच्या घड्याळाचंही तसंच. हालचाल आणि नाडी यांवरून ते अंदाज बांधतं, आणि निपचित पडून जागं असलेल्या माणसाला बेधडक झोपलेला ठरवतं. स्लीप पॅरालिसिसमध्ये माणूस नेमका निपचित पडून जागा असतो. या तक्रारींसाठी घरचं किट घेऊ नका. डोक्याच्या वायरींसह घरी तपासणी करून देणारेही आहेत. ती बरी, पण रात्री वायर सुटली तर लावायला कोणी नसतं आणि घटना घडली त्या क्षणी विचारायलाही कोणी नसतं.

उरते ती प्रयोगशाळेतली रात्र, तंत्रज्ञाच्या देखरेखीखाली, व्हिडिओसह. तिच्यावर सविस्तर लिहिणं भाग आहे, कारण बिघाड बारीकसारीक ठिकाणी होतो.

पहिली परीक्षा मोजपट्टीची. चांगला तंत्रज्ञ डोकं मोजतो. नाकाच्या मुळाशी असलेल्या खोलगट जागेपासून मागे कवटीच्या उंचवट्यापर्यंत अंतर ३६ सेंटिमीटर भरलं, तर मधला बिंदू १८ वर. एका कानासमोरून दुसऱ्या कानासमोरपर्यंत ३५ भरलं, तर मधल्या बिंदूपासून उजवीकडे २० टक्के, म्हणजे ७ सेंटिमीटरवर सी-४ नावाची ठरलेली जागा. मेणाच्या पेन्सिलीने खूण, केस बाजूला, खरखरीत जेलने जागा घासणं, मग वायरीच्या टोकाचा, पेस्ट भरलेला, सोन्याचा मुलामा दिलेला कप आणि वर टेप. सगळं नीट करायला पाऊण तास ते तास लागतो. वीस मिनिटांत वायरी लावून झाल्या तर डोकं अंदाजाने मोजलं गेलंय असं समजा. डोळे मिटल्यावर उठणाऱ्या अल्फा लहरी डोक्याच्या मागच्या बाजूला ठळक असतात. मागचा कप दोन बोटं वर सरकला तर अल्फा फिकी दिसते, आणि अल्फा कधी मोडली यावरच तर झोप कधी लागली ते ठरतं.

दुसरी गोष्ट खोबरेल तेल. मुंबईत दर पावसाळ्यात हेच रडगाणं. तेल लावलेल्या टाळूवर कप धरत नाही, कप आणि त्वचा यांच्यातला विजेचा रोध वाढतो, आणि ५ किलोओहमच्या आत असायला हवा तिथे तीस-चाळीस दाखवतो. मग शेजारच्या प्लगमधली ५० हर्ट्झची घरघर लहरींवर स्वार होते. आळशी तंत्रज्ञ ती घरघर फिल्टरने दाबतो. पडदा स्वच्छ दिसतो, खालचा कप तसाच लोंबकळत असतो. तपासणीच्या दिवशी डोकं शाम्पूने धुऊन, तेल-कंडिशनर काही न लावता, केस पूर्ण वाळवून जा. दाढी दाट असेल तर हनुवटीखालची जागा तरी साफ करा, कारण तिथली वायर या तक्रारींसाठी सगळ्यांत मोलाची आहे. स्नायू सैल पडले की नाही, ते तीच सांगते.

कानामागच्या वायरींकडेही लक्ष द्या. नेहमीच्या मांडणीत उजव्या बाजूचे तिन्ही कप डाव्या कानामागच्या एकाच वायरीशी ताडून पाहतात. पेशंट डाव्या कुशीवर वळला आणि ती वायर उशीखाली दबली की पडद्यावरच्या तिन्ही ओळी एकदम बिघडतात. म्हणून दोन्ही बाजूंना पूर्ण संच लावलेला असायला हवा. अर्धाच संच लावणाऱ्या जागा आहेत. लावताना सरळ विचारा: "दोन्ही बाजूंना लावताय ना?"

घामाचं दुखणं खास आपल्या हवेचं. एसी बंद किंवा मंद असला की टाळूवर घाम येतो आणि सगळ्या ओळी समुद्रासारख्या हळूहळू हेलकावतात. त्या हेलकाव्यांत डोळ्यांच्या संथ हालचाली हरवतात, आणि झोपेत शिरण्याची ती एक मोठी खूण आहे. डाव्या डोळ्याच्या कोपऱ्याखाली १ सेंटिमीटर आणि उजव्याच्या वर १ सेंटिमीटर अशा दोन वायरी असतात. बुबुळं संथपणे इकडून तिकडे जातात तेव्हा या दोन ओळी एकमेकींच्या उलट दिशेने वळतात. घामाचा हेलकावा बहुधा सगळ्या ओळींवर एकाच दिशेने येतो. हा फरक जाणकाराला कळतो, पण खोली आधीच गार करणं सोपं. पेशंटने पांघरूण जास्तीचं मागावं, एसी बंद करायला सांगू नये.

दिवा बंद करण्याआधी पाच मिनिटांची कवायत असते: डोळे उघडे ठेवा, मिटा, डावीकडे-उजवीकडे पाहा, पापण्या मिचकवा, दात आवळा, दहा सेकंद श्वास रोखा, पाय हलवा. ही टाळणारी जागा सोडून द्यावी. दहातल्या साधारण एका माणसाला डोळे मिटल्यावर अल्फा उठतच नाही. ते आधीच समजलं नाही, तर तो जागा असताना झोपला म्हणून मोजला जाईल.

इथवर यंत्राची बाजू झाली. खरा कस पुढे लागतो. उदाहरणादाखल एक कल्पित रात्र घेऊ. पेशंट ३४ वर्षांची, कांदिवलीला राहणारी, मालाडच्या कॉल सेंटरमध्ये फिरत्या पाळ्या करणारी. तक्रार: आठवड्यातून तीनदा झोप लागताना स्फोटाचा आवाज. दिवा बंद ११ वाजून ४० मिनिटांनी. ११:४६ ला अल्फा तुटक होते, डोळे संथ फिरू लागतात. ११:४७ वाजून ५ सेकंदांनी हनुवटीची ओळ एकदम जाड होते, अल्फा परत येते, नाडी ६४ वरून ८८ वर जाते. एवढंच. पडद्यावर चारेक सेकंदांचा मामला.

निष्काळजी तंत्रज्ञ हे 'हालचाल' म्हणून सोडून देतो. चांगला तंत्रज्ञ त्या सेकंदाला खूण करतो आणि अर्ध्या मिनिटाच्या आत इंटरकॉमवर हळू आवाजात विचारतो, "ताई, आत्ता काय झालं?" ती म्हणते, "दार आपटलं ना बाहेर?" मग तो आवाजाचं रेकॉर्डिंग मागे नेऊन ऐकतो. लिफ्टचं दार खरंच आपटलं असेल तर तिथे ऐकू येईल. शांतता असेल तर आवाज डोक्यातला. दुखलं का, उजेड दिसला का, आवाज एका कानात की मधोमध, हेही तेव्हाच विचारायचं. स्फोटाचा आवाज दुखत नाही. आवाजासोबत तीव्र डोकेदुखी असेल तर प्रश्न वेगळा होतो आणि डॉक्टरांना सांगावंच लागतं. सकाळी सात वाजता हे विचारलं तर तिला यातलं अर्धंही आठवणार नाही. सीमेवरच्या गोष्टी आठवणीत टिकत नाहीत.

विचारण्याची भाषाही महत्त्वाची. मुंबईतल्या बऱ्याच ठिकाणी फॉर्म इंग्रजीत असतो आणि तंत्रज्ञ मनातल्या मनात भाषांतर करतो. पेशंट म्हणतो "अंगावर दडपण आलं", फॉर्मवर 'अँग्झायटी'ची खूण होते आणि स्लीप पॅरालिसिसचा रुग्ण चिंतेच्या रकान्यात जाऊन बसतो. 'झापड' आणि 'ग्लानी' दोन्हींसाठी एकच शब्द लिहिला जातो. त्यामुळे फॉर्म भरताना आपलं वाक्य मराठीत जसंच्या तसं लिहायला सांगा, किंवा स्वतः लिहा. आणि काळी आकृती, म्हातारी, मुंजा, जे दिसलं ते सांगताना समोरचा हसला, तर ती रात्र तिथेच वाया गेली. पेशंट पुढचं काही सांगणार नाही.

आता सगळ्यांत मोठा दोष. बऱ्याच जागा पेशंटला साडेपाचला उठवतात, कारण पाळी बदलते आणि खोली सफाईला द्यायची असते. आरईएम झोपेचे तुकडे रात्र सरताना लांबत जातात. सर्वांत लांब तुकडे पहाटेच येतात, आणि उठतानाचं स्लीप पॅरालिसिस बहुधा त्यांतूनच जन्मतं. साडेपाचला दिवा लावणं म्हणजे नाटकाचा तिसरा अंक सुरू होताच पडदा पाडणं. तसंच रात्री साडेदहाला सक्तीने दिवा बंद करण्याचं. रात्रपाळीच्या माणसाला दोनला झोप येते. त्याला साडेदहाला झोपवलं तर साडेतीन तासांची नुसती जाग नोंदवली जाते. बुकिंग करतानाच दोन वेळा लिहून घ्या: दिवा आपल्या नेहमीच्या वेळी बंद, आणि आपोआप जाग येईपर्यंत किंवा किमान सातपर्यंत रेकॉर्डिंग चालू. हे मान्य न करणारी जागा घोरण्यासाठी ठीक असेल, या कामासाठी नाही.

रिपोर्टवर येऊ. झोपेचं मोजमाप ३० सेकंदांच्या तुकड्यांत होतं. ज्या तुकड्यात जी अवस्था अर्ध्याहून जास्त, तेच त्याचं नाव. वरच्या उदाहरणातली चार सेकंदं ज्या तुकड्यात पडली, त्याला बहुधा 'जाग' एवढाच शिक्का मिळेल. नियम चुकीचा नाही, तो झोपेचे तास मोजायला बनवलाय. पण सीमेवर जे घडतं ते तुकड्याच्या आत घडतं. १९९४ मध्ये जपानमध्ये होरी आणि सहकाऱ्यांनी झोपेत शिरण्याचेच नऊ टप्पे मांडले, ते नेहमीचं मोजमाप इथे अपुरं पडतं म्हणूनच. तेव्हा रिपोर्टमध्ये तक्ता तर हवाच, शिवाय दिवा बंद होण्याची वेळ, झोप लागायला लागलेली मिनिटं, पहिली आरईएम कितव्या मिनिटाला, आणि प्रत्येक घटनेची घड्याळातली वेळ व तिचं शब्दांत वर्णन हवं. पहिली आरईएम साधारण दीड तासाच्या आसपास यायला हवी. झोप लागल्यावर पंधरा मिनिटांत आली तर ती ओळ लाल पेनाने अधोरेखित असायला हवी.

ती ओळ तशी आली, किंवा दिवसाही झोप आवरत नसेल, हसताना गुडघे लुळे पडत असतील, तर दुसऱ्या दिवशीची डुलक्यांची तपासणी लागते. नार्कोलेप्सीचा, म्हणजे दिवसा अनावर झोप आणणाऱ्या आजाराचा, संशय असतो तेव्हा ती टाळू नये. आदल्या रात्री किमान सहा तास झोप झालेली हवी, मग दोन-दोन तासांच्या अंतराने पाच डुलक्या: समजा साडेआठ, साडेदहा, साडेबारा, अडीच, साडेचार. वीस मिनिटांत झोप लागली नाही तर ती डुलकी संपली. सरासरी आठ मिनिटांत किंवा त्याआधी झोप लागणं आणि दोन वेळा लगेच आरईएम दिसणं हा निकष. दिवसभर चहा-कॉफी बंद. मुंबईकराला हे जड जातं, पण एका कटिंगने निकाल बदलू शकतो. नैराश्यावरच्या बऱ्याच गोळ्या आरईएम दाबतात, म्हणून त्यांचं काय करायचं हे डॉक्टरांना किमान दोन आठवडे आधी विचारा. स्वतःहून गोळी बंद करू नका. या सेवेची मुंबईतली दुखरी नस म्हणजे दिवसाचा गोंगाट. शेजारी पुनर्विकासाचं ड्रिलिंग चालू असेल तर साडेदहाची डुलकी मेलीच म्हणा. बुकिंगआधी खोली दिवसा अकरा वाजता जाऊन पाहा आणि पाच मिनिटं गप्प उभं राहून ऐका. गणपती-नवरात्रात ही तपासणी ठेवूच नये.

आणि एक प्रामाणिकपणे सांगायला हवं, जे काउंटरवर क्वचितच सांगतात: बऱ्याच जणांना ही तपासणी लागतच नाही. झोप लागताना दचकणं अगदी सर्रास आढळतं. अधूनमधून होणारं स्लीप पॅरालिसिस डॉक्टर नुसत्या बोलण्यावरून ओळखतात. शिवाय ते एकाच ठरलेल्या रात्री प्रयोगशाळेत येईल याची शाश्वती नाही, नव्या जागेत पहिल्या रात्री झोपही निराळीच लागते. आधी दोन आठवड्यांची वही ठेवा: झोपण्याची वेळ, कुठल्या कुशीवर, किती तास, शेवटचा चहा, घटना, कामाची पाळी. उताणं झोपणं आणि अपुरी, तुटक झोप यांनी स्लीप पॅरालिसिस वाढतं, आणि वहीत ते बहुतेकदा स्वच्छ दिसतं. तपासणी हवी ती दिवसा अनावर झोप येत असेल, जीभ चावली जात असेल किंवा अंथरूण ओलं होत असेल, एकाच साच्याचे झटके रात्रीतून अनेकदा येत असतील, झोपेत उठून मार लागत असेल किंवा सोबत श्वास अडकत असेल तेव्हा. फिटचा संशय असेल तर डोक्याला नेहमीपेक्षा जास्त वायरी लागतात आणि लहरी ३० ऐवजी १० सेकंदांच्या पानावर वाचाव्या लागतात. हे बुकिंगच्या वेळीच सांगावं लागतं, रात्री नऊला पोचल्यावर नाही.

सकाळी पेस्ट कोमट पाण्याने निघते, घासू नका. निघताना छापील रिपोर्टवर समाधान मानू नका. मूळ रेकॉर्डिंग ईडीएफ फाइलमध्ये पेन ड्राइव्हवर मागा. १९९२ पासून वापरात असलेला हा नमुना झोपेची बहुतेक सॉफ्टवेअरं उघडतात, त्यामुळे दुसरा डॉक्टर त्याच रात्रीकडे नव्याने पाहू शकतो. व्हिडिओ त्या फाइलमध्ये नसतो. तो वेगळा मागावा लागतो, आणि काही जागा थोड्याच दिवसांत पुसून टाकतात, म्हणून त्याच सकाळी मागा.